तारप्याचा सूर आणि पेटीची पट्टी

जव्हार तालुक्यातल्या वाळवंडा गावचे वयोवृद्ध तारपावादक भिकल्या लाडक्या धिंडा यांना 2026 च्या प्रजासत्ताक दिनाच्या निमित्ताने पद्मश्री जाहीर झाली. पाड्यावर रात्र रात्र वाजणाऱ्या वाद्याला देशाच्या सन्मानयादीत जागा मिळाली, याचा आनंद जव्हार-मोखाड्यापुरता राहिला नाही. असा मान मिळाला की मागणी येते. महोत्सव, रेकॉर्डिंग, स्नेहसंमेलने, पर्यटकांसाठीचे कार्यक्रम अशा सगळ्यांना आता तारपा हवा आहे. त्या मागणीबरोबर एक प्रश्नही येतो. तो वरवर तांत्रिक वाटतो, पण त्याची मुळे खोल आहेत. तारपा हार्मोनियम, कीबोर्ड, सनई यांच्याबरोबर वाजावा म्हणून त्याला ठरावीक पट्टीत बसवावे का?

आधी वाद्य जवळून पाहायला हवे. तारपा हा वाळलेल्या भोपळ्याचा. भोपळा आतून कोरून त्यात फुंकण्याची जागा केलेली असते. पुढे बांबूच्या दोन नळ्या, त्यांच्यात तासून बारीक केलेली पाती आणि टोकाला ताडाच्या पानांचा गुंडाळत नेलेला कर्णा. सांधे मधमाश्यांच्या मेणाने बुजवलेले. भोपळा कोणत्या आकाराचा मिळाला, तो किती सुकला, पाते किती तासले, यावर त्या तारप्याचा सूर ठरतो. दोन तारपे सहसा एका सुरात सापडत नाहीत. एकाच तारप्याचा सूरही दवाच्या रात्री थोडा सरकतो. दोन नळ्या जोडीने बोलतात आणि त्यांच्यातल्या बारीकशा फरकामुळे आवाजाला एक थरथर येते. वादक गालांत हवा साठवून नाकाने श्वास घेत राहतो, त्यामुळे सूर तुटत नाही. कमरेला हात घालून साखळी केलेले नाचणारे त्याच्या मागोमाग फिरतात. वादकाला पाठ दाखवायची नाही, हा दंडक. तारप्यावरच्या सुरावटींना चाळे म्हणतात. चाळा बदलला की साखळीची पावले बदलतात.

पट्टीत बसवावे म्हणणाऱ्यांची बाजू आधी मांडतो, कारण ती अनेकदा ऐकून न घेताच मोडीत काढली जाते. मंचावर तारपा आला की बहुधा त्याला सुरुवातीची दोन-चार मिनिटे मिळतात. मग गाणे सुरू होते, गायक काळी दोनमध्ये गातो, कीबोर्डवालाही तिथेच असतो आणि तारप्याला थांबावे लागते. वादक मग वेशभूषेपुरता उभा राहतो. सूर जुळला तर तो पूर्ण गाण्यात वाजेल, रेकॉर्डिंगला बोलावला जाईल आणि मानधनही वादकाचे मिळेल. शिकवण्याचेही तसेच आहे. दहा मुलांच्या हातात दहा सुरांचे तारपे दिले तर आश्रमशाळेत एकत्र वर्ग घेणे अवघड होते. एका मापाच्या वाद्यांवर ते सोपे जाते.

या बाजूला इतिहासाचा आधारही आहे. पन्नालाल घोष यांनी गुराख्यांच्या आणि लोकगीतांच्या बासरीची लांबी वाढवली, रागसंगीताला पेलेल अशी तिची रचना केली आणि बासरी मैफलीत आणून बसवली. शिवकुमार शर्मा यांनी काश्मीरच्या सुफियाना संगीतातल्या संतुराच्या तारांची मांडणी बदलली. या बदलांना त्या काळात आक्षेप घेतले गेले, पण ते बदल नसते तर बरे झाले असते, असे आज कुणी म्हणत नाही. शिवाय गावची बासरी त्यामुळे संपली नाही. छोटी बासरी छोटीच राहिली, मोठी वेगळी झाली.

आणखी एक मुद्दा मनाला लागणारा आहे. वाद्याला हात लावू नका असे सांगणारे बहुतेक जण त्या वाद्यावर पोट भरणारे नसतात. मोखाड्यातला विशीतला मुलगा दिवाळीनंतर भिवंडी-वसईकडे वीटभट्टीवर जातो. पट्टीतल्या तारप्यामुळे त्याला काही महिन्यांची कामे मिळणार असतील, तर शुद्धतेची किंमत त्याने का मोजावी?

मात्र दुसऱ्या बाजूचे म्हणणेही केवळ हळवेपणातून आलेले नाही. ठरावीक पट्टीचे वाद्य सोय आणते आणि काही तरी घेऊनही जाते, हा अनुभव आपल्या संगीताने घेतला आहे. हार्मोनियमच्या बांधलेल्या सुरांत मींड निघत नाही आणि श्रुतींचे बारकावे येत नाहीत, या आक्षेपावरून आकाशवाणीने 1940 मध्ये त्या वाद्याला बंदी केली. ती 1971 पर्यंत उठली नाही. बंदी टोकाची होती, असे आम्हाला वाटते. गोविंदराव टेंबे यांच्यासारख्यांनी पेटीला जी प्रतिष्ठा दिली, तिच्याशिवाय नाट्यसंगीताचा विचार होऊ शकत नाही आणि गावोगावची भजने पेटीवरच उभी आहेत. तथापि, गायकाच्या मागे सारंगी असायची तिथे पेटी आली, हेही खरे. सारंगी मागे पडण्यामागे सारंगियांना मिळालेली सामाजिक हीनता होती, हे विसरता येत नाही. पण सोयीचे वाद्य आले की अवघड वाद्याची गरज संपल्यासारखी वाटू लागते, हा धडा त्यातून उरतोच.

तारप्याच्या बाबतीत हा धडा जास्त गंभीर आहे. तारपा ऐकण्यासाठी कमी आणि नाचण्यासाठी जास्त आहे. त्याला जुळायचे असते ते पावलांशी, साखळीच्या पुढच्या टोकाला घुंगुरकाठी आपटणाऱ्याशी, रात्रीच्या वेगाशी. साखळी दमली तर वादक चाळा सैल करतो, रंगली तर ताणतो. त्या साखळीतल्या कुणालाही तारपा कोणत्या पट्टीत आहे याने फरक पडत नाही. नळ्यांची थरथर काढून सूर सरळ केला, तर सनईशी मेळ बसेल. पण ज्या आवाजाने अंगात नाच येतो, तो तोच राहील का, याची खात्री कुणी देऊ शकत नाही.

इथे इंग्रजीतला एक फारसा न वापरला जाणारा शब्द कामाला येतो, ‘कॉन्सिनिटी’. भागांची नेटकी, सुसंगत जुळणी असा त्याचा ढोबळ अर्थ. मूळ लॅटिन शब्द सिसेरोने तोललेल्या, लयीत बसवलेल्या वाक्यरचनेसाठी वापरला. पंधराव्या शतकात इटलीचा वास्तुविद्यातज्ज्ञ लिओन बत्तिस्ता आल्बर्ती याने तो इमारतीच्या सौंदर्याला लावला. भाग एकमेकांशी असे जुळलेले की त्यात काही घातले, काढले किंवा बदलले तर बिघाडच होईल, अशी त्याची कल्पना. एका अर्थात घासूनपुसून एकमेकांना शोभेसे करणे आहे. दुसऱ्यात आतूनच जुळून आलेली, हात लावताच विस्कटणारी रचना आहे. आमच्या वादातल्या दोन्ही बाजू सुसंगतीच मागत आहेत. एकीला तारप्याची इतर वाद्यांशी सुसंगती हवी आहे, दुसरीला तारप्याची त्याच्या नाचाशी असलेली सुसंगती टिकवायची आहे. यातल्या कुणालाही बेसूर म्हणण्याचे कारण नाही. उलट आल्बर्तीची कसोटी शब्दशः लावली तर कोणतीही जिवंत कला टिकणार नाही, कारण जिवंत कलेत घालणे-काढणे चालूच असते.

मोखाड्याच्या बोहाड्यात, म्हणजे सोंगांच्या उत्सवात, याचा एक मधला नमुना दिसतो. देवांची आणि दैत्यांची सोंगे एकामागून एक येतात. सोंगे घराण्यांकडे वाटून दिलेली असतात, प्रत्येक सोंगाची चाल निराळी आणि संबळाचा ठेकाही त्या त्या सोंगाप्रमाणे वळतो. गणपतीला महिषासुराच्या चालीने चालायला कुणी सांगत नाही. तरी सगळ्यांचा मिळून एकच बोहाडा होतो.

दूरचा दाखला स्कॉटलंडचा घ्यावा. तिथल्या डोंगराळ भागातली बॅगपाइप हीसुद्धा सूर न तोडता वाजणारी, आधारस्वर धरून ठेवणारी. जगभरच्या वाद्यांसाठी ‘ए’ या स्वराची 440 हर्ट्झ ही कंपनसंख्या मान्य झाली, पण बॅगपाइपचा तोच स्वर त्याहून बराच चढा, 470 च्या पुढे राहिला. पाइप वाजवणाऱ्यांच्या पथकांनी आपला सूर सोडला नाही. वाद्यवृंदात वाजवणाऱ्यांसाठी मात्र कारागिरांनी 440 शी जुळणारी वेगळी नळी तयार केली. ज्याला हवी त्याने ती लावावी, मूळ वाद्य जसेच्या तसे राहावे. ही तडजोड तिथे टिकली. पण तिच्यामागे पथके होती, स्पर्धा होत्या, वाद्ये बनवणारे व्यावसायिक कारागीर होते. जव्हारच्या पाड्यांवर तारपा बनवू शकणारे हात थोडे आणि बरेचसे वयस्क आहेत. तिथे मूळ वाद्य आपोआप टिकेल असे गृहीत धरता येणार नाही.

याच जिल्ह्यातला सर्वांत बोलका अनुभव वारली चित्रकलेचा आहे, आणि तो दोन्ही बाजूंना काही ना काही देतो. लग्नाच्या वेळी घराच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहिण्याचे काम सुवासिनींचे होते. 1970 च्या दशकात ही चित्रे भिंतीवरून कागदावर आली. भास्कर कुळकर्णी यांच्यासारख्यांनी ती बाहेर नेली. डहाणू तालुक्यातल्या गंजाडच्या जिव्या सोमा म्हसे यांनी त्यांना जगाच्या दालनांत पोहोचवले आणि 2011 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. 2014 मध्ये या चित्रांना भौगोलिक मानांकनही लाभले. कितीतरी घरांना त्यातून उत्पन्न मिळाले, पोरांना आपल्या जातीजमातीचा अभिमान वाटू लागला. या लाभाला कुणी कमी लेखू नये. मात्र कागदावर येताना चित्र बायकांच्या हातातून बरेचसे पुरुषांच्या हातात गेले आणि चौकातली देवी मागे राहून भोवतालचे नाच आणि शेते पुढे आली. त्या चित्रांमधले सर्वांत लोकप्रिय वर्तुळ तारपा नाचाचेच. ते वर्तुळ आज साड्यांवर, कपांवर, सरकारी भिंतींवर दिसते. त्याच्या मध्यभागी उभ्या असलेल्या वादकाच्या वाट्याला त्यातले फारसे काही आले नाही.

सुराइतकाच महत्त्वाचा प्रश्न काळाचा आहे, आणि तो चर्चेत सहसा येतच नाही. तारप्याचा हंगाम ठरलेला असतो. नवे भात तयार होऊ लागले की तारपा निघतो, दिवाळीच्या सुमारास रंगतो आणि मग ठेवला जातो. मंचाला हे मानवत नाही. 9 ऑगस्टचा जागतिक आदिवासी दिन, 26 जानेवारी, उन्हाळ्यातले महोत्सव, सगळीकडे तारपा हवा असतो. काही जुन्या मंडळींना हंगामाबाहेर वाजवणे रुचत नाही. आदिवासी दिनाच्या मिरवणुकीत डीजेपेक्षा तारपाच हवा, असे म्हणणारे तरुणही आहेत, आणि त्यांचे म्हणणे आम्हाला रास्त वाटते. पण खरा पेच वेगळा आहे. तारप्याचा हंगाम संपतो आणि स्थलांतराचा सुरू होतो. पाऊस लांबला, कापणी लांबली, मुकादम उचल घेऊन आधीच दारात आला, तर नाचाच्या रात्री कमी होतात. पट्टी कोणतीही असो, साखळी धरायला पाड्यावर माणसेच नसतील तर वादक कुणासाठी चाळा बदलणार?

हे सारे तोलून पाहता आमचा कल असा आहे. तारप्याला त्याच्या स्वतःच्या सुरात राहू द्यावे. एकत्र वाजवायचेच असेल तर जुळवून घेण्याचे काम इतरांनी करावे. कीबोर्डची पट्टी एका बटणावर खालीवर होते, गायकाला अर्धा सूर चढता-उतरता येतो, भोपळ्याला ते जमत नाही. मानधन देणाऱ्या आयोजकाने एवढी तसदी घ्यायला हरकत नसावी. एखाद्या तरुणाने आपल्या बुद्धीने दुसरा, ठरावीक पट्टीतला तारपा घडवला तर त्याला कुणी अडवू नये. त्यावर त्याला काम मिळाले तर चांगलेच आहे. तो प्रयोग त्याचा आणि त्याच्या समाजाचा, त्याला परवानगी देण्याचा किंवा नाकारण्याचा अधिकार बाहेरच्यांना नाही.

सार्वजनिक पैशाचे मात्र तसे नाही. तो आधी मूळ वाद्याकडे जायला हवा, कारण बाजार दुसऱ्याला पोसेल, पहिल्याला पोसणार नाही. या निर्णयाची किंमत आहे, हे आम्ही मान्य करतो. एकसारख्या वाद्यांचा वर्ग लवकर उभा राहिला असता, शंभर मुले एकदम शिकली असती. एकेका वादकाजवळ दोन-तीन मुले बसवण्याचा मार्ग हळू आहे. तरीही भोपळा निवडणे, पाते तासणे, मेण कुठे किती लावायचे हे ओळखणे, या गोष्टी वर्गात एकदम शंभर जणांना शिकवता येत नाहीत.

आश्रमशाळांनी सुरुवात करावी. स्नेहसंमेलनासाठी जानेवारीत स्पीकरवर रेकॉर्ड लावून तारपा नाच बसवण्याऐवजी भाद्रपद-आश्विनात, भात पोटरीला येत असताना, जवळच्या पाड्यावरच्या वादकाला कलाशिक्षकाच्या दराने मानधन देऊन बोलवावे. भोपळ्याचे वेल शाळेच्या कुंपणावर पावसाळ्यातच चढवून घ्यावेत.