सहायक कसला?



परवा नातवाने मोबाईलवर 'फँड्री' लावून दिला. नागराज मंजुळे यांचा हा चित्रपट २०१४ साली आला तेव्हा नांदेडला जाऊन पाहिला होता. तेव्हा सगळं लक्ष जब्यावर होतं. सोमनाथ अवघडेला त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला, तो योग्यच. या वेळी मात्र नजर त्याच्या बापावरून हलेना. हा कचरू माने साकारलाय किशोर कदम यांनी. कवी 'सौमित्र' म्हणून आपण ओळखतो, तेच.

कचरू आपलं दुःख कुठेच बोलून दाखवत नाही. गावाने डुकरं धरायला सांगितली की निमूट कामाला लागतो. शेवटी सगळं घर डुकरामागे धावतं, शाळेतली पोरं हसतात, जब्या लाजून लपतो आणि बापाचा राग निघतो तो पोरावरच. गावावर रागवायची त्याची सोयच नाही! कदमांनी हे वाकलेल्या पाठीतून आणि खाली घातलेल्या मानेतून दाखवलंय.

ती मान मी आधी पाहिली होती. नोकरीत असताना माझ्या वर्गातला एक मुलगा दरवर्षी ऊसतोडीच्या हंगामात गायब व्हायचा. एकदा त्याच्या बापाला सगळ्यांसमोर झापलं, "पोराचं वाटोळं करताय तुम्ही." तो खाली बघत एवढंच म्हणाला, "व्हय, गुरुजी." मला वाटलं, याला काही कळत नाही. कचरूला पाहताना लक्षात आलं की त्याला सगळं कळत होतं. न कळणारा मीच होतो.

अशा कामाला आपण 'सहायक भूमिका' म्हणतो. मला हा शब्दच पटत नाही. बेनेगलांच्या 'समर'पासून (१९९९) कदम वेगळ्या वाटेच्या सिनेमात दिसत आले. अमोल पालेकरांच्या 'ध्यासपर्व'मध्ये (२००१) ते र. धों. कर्वे झाले, तिथे चित्रपटच त्यांच्यावर उभा होता. पण 'नटरंग' (२०१०) म्हटलं की आपल्याला गुणा आठवतो, फड उभा करायला धडपडणारा पांडोबा किती जणांना आठवतो? कमी पैशांत होणाऱ्या सिनेमात नट्टापट्टा नसतो, भव्य सेट नसतात. तिथे पडद्यावरचं माणूस खरं वाटलं नाही तर सगळंच कोसळतं. तो भार हीच मंडळी उचलतात.

आमच्या मुदखेड जंक्शनवर बरेच लोक आदिलाबादची गाडी धरायला उतरतात. मुक्कामाला म्हणून फार कुणी येत नाही. म्हणून काय जंक्शन 'सहायक स्टेशन' होतं?

असो. तो मुलगा आता चाळिशीचा असेल. त्याचा बाप भेटला तर माफी मागायची आहे, पण आता तो कुठे सापडायचा! तुम्हाला असा कुणी पडद्यावरचा 'दुसरा' माणूस आठवत असेल तर जरूर लिहा. वाट पाहतो.