पडद्यामागचे वैद्यक

डॉक्टर म्हटले, की रुग्णाच्या उशाशी उभी असलेली व्यक्ती डोळ्यांसमोर येते. प्रयोगशाळेत वर्षानुवर्षे खपणारा संशोधक सहसा कोणाला आठवत नाही. वैद्यकीय महाविद्यालयांत औषधशास्त्र आणि शरीरक्रियाशास्त्र या शाखा अनेक विद्यार्थी नाइलाजाने स्वीकारतात. ही उपेक्षा समाजाला परवडणारी नाही.

सर्पगंधेचे उदाहरण पाहावे. ही वनस्पती आपल्या वैद्यांना शतकानुशतके परिचित होती. १९२१ साली कलकत्त्याच्या ‘स्कूल ऑफ ट्रॉपिकल मेडिसिन’मध्ये औषधशास्त्राचे प्राध्यापक झालेले रामनाथ चोप्रा आणि त्यांचे सहकारी यांनी तिच्यातील द्रव्याचा परिणाम प्राण्यांवर तपासला व १९३३ साली प्रसिद्ध केला. पुढे मुंबईचे हृदयरोगतज्ज्ञ डॉ. रुस्तम जाल वकील यांनी उच्च रक्तदाबाच्या रुग्णांवरील तिचा गुण १९४९ साली जगापुढे मांडला. १९५७ साली त्यांना लास्कर पुरस्कार लाभला. परंपरेने जपलेले ज्ञान प्रयोगाच्या कसोटीवर उतरले, तेव्हाच ते जगाने स्वीकारले.

या वाटेवर खाजगी व्यवसायाइतका पैसा नाही, प्रयोग फसतात आणि यश उशिरा येते, असा आक्षेप घेतला जातो. तो खोटा नाही. म्हणूनच संशोधकाला पुरेसे वेतन, साधने आणि अध्यापनातून मोकळा वेळ मिळाला पाहिजे. त्यागाचे गोडवे गाऊन प्रयोगशाळा चालत नाहीत.

डॉक्टर समोरच्या रुग्णावर उपचार करतो. संशोधकाच्या कष्टांचे फळ मात्र त्याने कधीही न पाहिलेल्या असंख्य रुग्णांपर्यंत पोहोचते. बुद्धिमान तरुणांनी ही वाट आपणहून निवडावी आणि समाजाने त्यांना साथ द्यावी.