फैजपूर की लखनौ?

मोडी कागद दिसला की खानदेशी माणूस जरा जपून हात लावतो. ही इतिहाससंशोधक राजवाड्यांची पुण्याई. दप्तरांसाठी गावोगाव वणवण करून ते 1926 च्या अखेरीस धुळ्यातच गेले आणि त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ तिथंच उभं राहिलं. फिल्मचं रीळ मात्र आपण बिनदिक्कत भंगारवाल्याच्या काट्यावर ठेवतो.

समजा, यावल तालुक्यात कुणाच्या माळ्यावर 16 मिमीचं एक रीळ निघालं. मंचावर नेहरू, मागं बांबूच्या कमानी, पुढं अलोट गर्दी. घरचे छातीठोक सांगणार, हे डिसेंबर 1936 चं फैजपूर, खेड्यात भरलेलं काँग्रेसचं पहिलं अधिवेशन! जुन्या फिती सांभाळणारा संग्रहपाल एवढ्यावर मान डोलावत नाही. त्याच वर्षी एप्रिलमध्ये लखनौलाही अध्यक्ष नेहरूच होते, आणि दोन्हीकडे सजावटीला हात चित्रकार नंदलाल बोसांचा. तो आधी गर्दीच्या अंगावरचे कपडे बघतो. शाली-घोंगड्या आहेत की घामेजलेले सदरे? मग फितीची कड भिंगाखाली जाते. कोडॅकच्या फितीवर बारीक गोल, चौकोन, त्रिकोण छापलेले असतात. त्यावरून ती कारखान्यात कुठल्या साली बनली ते कळतं. पण गंमत अशी, की त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा त्याच येतात. म्हणजे 1936 की 1956, हे पुन्हा टोप्या, मोटारी आणि चेहरे बघूनच ठरवायचं. मला हे काम पंचनाम्यासारखं वाटतं, फक्त साक्षीदार बहुतेक हयात नसतात.

त्यात आपला उन्हाळा. अॅसिटेटची फीत उष्म्यानं आणि दमटपणानं कुजू लागली की डब्यातून व्हिनेगरसारखा आंबट वास येतो. एकदा सुरू झालेली ही कूज थंडाव्यानं मंदावते, थांबत नाही. मे महिन्यातलं जळगाव आणि डोक्यावर पत्रा, मग काय उरणार? देशात तेराशेहून अधिक मूकपट निघाले, त्यांतले जेमतेम तीसेक शिल्लक आहेत, तेही बरेचसे तुकड्यांत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पी. के. नायर यांनी उभी हयात घालवली, म्हणून फाळक्यांचा 1919 चा ‘कालिया मर्दन’ आज आपल्याला बघता येतो.

नेहरूंच्या फिती शोधायला लोक येतील. मला काळजी आहे ती नव्वदच्या दशकातल्या लग्नांच्या कॅसेटींची. व्हीसीआर बनवणारी शेवटची जपानी कंपनीही 2016 मध्ये थांबली. त्या कॅसेटींत हळद, वरात, बैलगाड्या, पंगती, तेव्हाचे बाजार, पाडून टाकलेले वाडे, सगळं आहे. फक्त कोण कोण ते कुठंच लिहिलेलं नाही. कॅसेट संगणकावर उतरवून देणारे अजून शहरांत सापडतात. उतरवून आणली की घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या आत्याला पडद्यासमोर बसवा, मोबाइलवर तिचा आवाज टिपत ठेवा आणि एकेका चेहऱ्यावर चित्र थांबवून नाव-गाव विचारा. ती मधेच मानपानाची जुनी भांडणं उकरून काढील. तीही टिपा.