घर केवढ्याला पडलं?

नवीन घर घेतलेल्या माणसाला आपल्याकडे दोन प्रश्न हमखास विचारले जातात. केवढ्याला पडलं? आणि हप्ता किती? पहिल्या प्रश्नाला तो बिल्डरने सांगितलेला आकडा देतो, दुसऱ्याला बँकेने सांगितलेला. दोन्ही आकडे खरे असतात. तरीही घर केवढ्याला पडलं, याचं उत्तर त्यात नसतं. ते त्यालाही ठाऊक नसतं.

मुसलमानांच्या मोहल्ल्यात तिसराही प्रश्न असतो. व्याजावर घेतलं का? त्यावर जुम्याच्या नमाजनंतर मशिदीबाहेर, लग्नाच्या दस्तरखानावर तासन्‌तास वाद रंगतो. एक म्हणतो, हराम ते हराम. दुसरा म्हणतो, दर अकरा महिन्यांनी बिऱ्हाड पाठीवर घेणाऱ्याला आणि नाव ऐकताच ‘सॉरी, फ्लॅट गेला’ असं ऐकावं लागणाऱ्याला विचारा मजबुरी काय असते. दोघांच्याही म्हणण्यात तथ्य आहे. हा वाद मी कैक वर्षं ऐकतोय. त्यात कुणी कागद-पेन घेऊन बेरीज मांडल्याचं मात्र एकदाही पाहिलेलं नाही. हराम म्हणणाऱ्याला बेरजेची गरज वाटत नाही आणि मजबुरी सांगणाऱ्याला तिची भीती वाटते. माझं भांडण दोघांशीही आहे.

आधी हिशेब

समजा, ४० लाखांचं कर्ज आहे. व्याजदर साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं. महिन्याचा हप्ता येतो सुमारे ३४,७१३ रुपये. नवरा-बायको दोघं कमावत असतील तर आकडा आवाक्यातला वाटतो. आता त्याला २४० महिन्यांनी गुणा. होतात ८३ लाख ३१ हजार. म्हणजे चाळीस लाखांवर ४३ लाखांहून अधिक व्याज. एक घर आपण स्वतःसाठी घेतो आणि एकाहून थोडं जास्त बँकेसाठी.

मराठीत यासाठी शब्द आहे, दामदुप्पट. जुन्या मुंबई इलाख्यात दामदुपटीचा नियम होता. थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त झालं तर वरचं व्याज सावकाराला वसूल करता येत नसे. तो नियम थकबाकीचा होता, दरमहा भरलेल्या व्याजाला तो लागू होत नसे, हे मान्य. पण दुपटीच्या वर गेलं की काहीतरी बिघडलं, एवढी जाण त्या काळच्या व्यवहारात होती. आज दुपटीच्या वर जाणाऱ्या कागदावर आपण पेढे वाटून सह्या करतो.

बेरजेपेक्षाही तिचा क्रम जास्त बोचतो. पहिल्या महिन्याच्या ३४,७१३ रुपयांतले २८,३३३ रुपये व्याजात जातात. मुद्दलातून फिटतात फक्त ६,३८०. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, तर भरणा होतो सुमारे २० लाख ८३ हजारांचा आणि मुद्दल कमी होतं पावणेपाच लाखांनी. दहा वर्षांनी ४१ लाख ६६ हजार भरून झालेले असतात, म्हणजे घेतलेल्या कर्जाहून जास्त. तरीही २८ लाख देणं बाकी असतं. निम्मं मुद्दल फिटायला जवळपास चौदा वर्षं लागतात.

यात बँकेने कुठलीही लबाडी केलेली नाही. उरलेल्या मुद्दलावर व्याज, हा साधा हिशेब आहे आणि शाळेतल्या गणिताच्या पुस्तकात तो सापडेल. लबाडी विकण्याच्या पद्धतीत आहे. तिथे किंमत सांगत नाहीत, हप्ता सांगतात.

मुदत नावाचा गोड सापळा

हप्ता झेपत नाही म्हटलं की समोरचा माणूस हसून म्हणतो, ‘सर, मुदत तीस वर्षं करू.’ हप्ता ३०,७५७ वर येतो. महिन्याला चार हजारांची सोय झाली म्हणून आपण खूश. पण एकूण भरणा होतो १ कोटी १० लाख ७२ हजार. महिन्याच्या या ३,९५६ रुपयांच्या सोयीसाठी आपण सुमारे २७ लाख ४० हजार रुपये जास्त व्याज कबूल केलेलं असतं. उलट, मुदत पंधरा वर्षं ठेवली तर हप्ता ३९,३९० होतो आणि व्याज ३०-३१ लाखांत आटोपतं. बोलणी करताना आपण व्याजदरात पाव टक्का कमी करून घेण्यासाठी जीव टाकतो. मुदतीबद्दल मात्र एकच प्रश्न विचारतो, जास्तीत जास्त किती मिळेल?

आणि हे सगळं व्याजदर स्थिर राहिला तर. बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग असतात. रिझर्व्ह बँकेने रेपो दर मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. ज्याने नुकतंच ४० लाखांचं कर्ज पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलं होतं, त्याचा हप्ता ३०,४१५ रुपये होता. दर अडीच टक्क्यांनी वाढून सव्वानऊ झाला की चाळीस लाखांवरचं नुसतं व्याजच महिन्याला ३०,८३३ होतं. हप्ता व्याजालाही पुरेना! अशा वेळी अनेकांचा हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवली गेली. खात्यातून जाणारी रक्कम बदलली नाही, म्हणून घरात कुणाला पत्ताही लागला नाही की आपलं कर्ज निवृत्तीच्या पलीकडे गेलंय.

जे हप्त्यातही दिसत नाही

मुंबईत पुरुषाच्या नावावर घर घ्यायचं तर स्टॅम्प ड्युटी आणि मेट्रो अधिभार मिळून सहा टक्के. नोंदणी फी वेगळी. बांधकाम सुरू असलेल्या इमारतीत जीएसटी. प्रोसेसिंग फी, वकिलाची फी. त्यात भर म्हणून कर्जाच्या विम्याचा एकरकमी प्रीमियम. तो ‘वेगळा भरावा लागणार नाही, कर्जातच टाकू’ असं मोठ्या आपुलकीने सांगितलं जातं. दीड लाखाचा प्रीमियम साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षं कर्जात राहिला की त्याचे ३ लाख १२ हजार होतात. विमा वाईट नाही. कमावता माणूस गेला तर घर वाचवणारा विमा हवाच. पण तो वर्षावर्षाला वेगळा भरता येतो, हे सांगणारा माणूस त्या टेबलावर बसलेला नसतो.

‘पण भाडं तर वायाच जातं ना?’

हा आक्षेप नेहमी येतो आणि तो रास्त आहे. म्हणून त्याचंही गणित करू. आपल्या शहरांत घराचं वर्षाचं भाडं साधारणपणे किमतीच्या दोन-तीन टक्के असतं. ५० लाखांच्या घराला तीन टक्के धरले तर महिन्याचं भाडं साडेबारा हजार. त्याच घरासाठी काढलेल्या ४० लाखांच्या कर्जाचं पहिल्या महिन्याचं व्याज २८ हजार. भाडं वाया जात असेल, तर व्याज काय पुरून ठेवलेलं असतं?

दुसरा आक्षेप महागाईचा. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्याइतका जड नसेल, तेव्हा ८३ लाखांना आजचे ८३ लाख समजू नका. हेही खरं. पण महागाईचा हा फायदा ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्यालाच मिळतो. भिवंडीतला यंत्रमागवाला, रिक्षा चालवणारा, गॅरेज टाकलेला माणूस, आखातात दोन-दोन वर्षांच्या करारावर असलेला कोकणातला भाऊ, यांच्या कमाईला वार्षिक वाढीची हमी कुणी दिलेली नाही. शिवाय व्याजाचा मोठा भाग सुरुवातीच्या वर्षांत जातो. नेमका तेव्हाच रुपया जड असतो.

तिसरा आक्षेप कर सवलतीचा. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे त्यातून चाळीस हजार वाचतात. चाळीस हजार वाचवायला दोन लाख घालवणं याला बचत म्हणत नाहीत. आणि नव्या करप्रणालीत राहत्या घराला ही वजावटही नाही.

घर घेऊच नका, असं मी म्हणत नाही. स्वतःचं छत हे फक्त गुंतवणुकीचं प्रकरण नसतं. आपल्या लोकांना भाड्याचं घर मिळताना काय होतं, ते मला कुणी शिकवायची गरज नाही. त्या अपमानातून सुटण्यासाठी माणूस जास्त पैसे मोजेल आणि त्याचा तो हक्क आहे. पण किती जास्त, हे त्याला सही करण्याआधी कळलं पाहिजे.

पत्त्याची किंमत

आता अशा किमतीकडे येतो जी कुठल्याच ईएमआय कॅल्क्युलेटरमध्ये दिसत नाही. सच्चर समितीने २००६ च्या अहवालात नोंदवलंय की काही बँकांनी मुस्लिमबहुल वस्त्या ‘निगेटिव्ह झोन’ ठरवून तिथे कर्ज देण्यात हात आखडता घेतला होता. माझ्या ओळखीतल्या एका कुटुंबाचे सगळे कागद ठीक होते, पगार बँकेत जमा होत होता. पत्ता पाहून फाईल परत आली. शेवटी एका खासगी फायनान्स कंपनीने कर्ज दिलं, तेरा टक्क्यांनी.

तेरा टक्के म्हणजे काय ते पाहा. २० लाखांचं कर्ज, वीस वर्षं. साडेआठ टक्क्यांनी हप्ता १७,३५६ आणि एकूण भरणा ४१ लाख ६५ हजार. तेरा टक्क्यांनी हप्ता २३,४३२ आणि भरणा ५६ लाख २३ हजार. फरक साडेचौदा लाखांहून जास्त. घर तेवढंच, भिंती त्याच, कमाई तीच. हे साडेचौदा लाख त्या कुटुंबाने पत्त्यापोटी भरायचे. आर्थिक बहिष्काराबद्दल आपण लेख लिहितो, मोर्चे काढतो. हा बहिष्कार दर महिन्याच्या पाच तारखेला निमूटपणे खात्यातून वजा होतो.

ज्यांनी कर्ज टाळलं, त्यांचं काय?

व्याज नको म्हणून मुंबईत अनेकजण हेवी डिपॉझिटवर राहतात. दहा लाख घरमालकाकडे ठेवायचे, भाडं नाही, सोडताना दहा लाख परत. दिसायला पाक-साफ. पण वापरायला दिलेल्या पैशाच्या मोबदल्यात फुकट राहणं हेही व्याजच, असं अनेक उलेमा सांगतात. धर्म बाजूला ठेवला तरी ते फुकट नाही. दहा लाख सात टक्क्यांनी कुठे ठेवले असते तर महिन्याला ५,८३३ रुपये आले असते. ते तुमचं छुपं भाडं. वर मूळ रक्कम परत मिळेल की नाही, हा घोर वेगळाच.

इस्लामी बँक असती तर प्रश्न सुटला असता, असंही ऐकू येतं. रघुराम राजन समितीने २००८ मध्ये बिनव्याजी बँकिंगची शिफारस केली होती. २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने हा विषय पुढे न नेण्याचं ठरवलं. परदेशात मुराबहा पद्धतीने घर मिळतं. बँक घर विकत घेते आणि नफा चढवून हप्त्यांनी ग्राहकाला विकते. तो नफाही बऱ्याचदा बाजारातल्या व्याजदराकडे बघूनच ठरतो, त्यामुळे घर स्वस्त पडतं असं नाही. तरी त्यात एक गोष्ट लाखमोलाची आहे. विक्रीची एकूण किंमत पहिल्याच दिवशी ठरवून सांगावी लागते. आपल्या वादात हरवलेला आकडा तोच.

कुरआनातली सर्वांत मोठी आयत कशाबद्दल आहे, हे मोहल्ल्यात विचारून पाहा. नमाज, रोजा, हज, जकात अशी उत्तरं येतील. ती आहे सूरह बकरातली २८२ वी आयत. कर्ज मुदतीसह लिहून ठेवा, लिहिणारा न्यायाने लिहील असं पाहा, साक्षीदार ठेवा, असा तिचा आशय आहे. तिच्या थोडंच आधी आलेली व्याजबंदी आपल्याला तोंडपाठ आहे. कर्ज लिहून ठेवण्याचा हुकूम मात्र आपण विसरलो.

मग करायचं काय?

कागद आता मागता येतो. रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ द्यायचं आहे. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर आणि प्रत्येक हप्त्यातलं मुद्दल-व्याज दाखवणारा तक्ता हवा, आणि तोही कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत. मराठीत मागा. मिळाला नाही तर सही करू नका. ऑगस्ट २०२३ च्या आदेशाप्रमाणे, दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडायची संधी बँकेने तुम्हाला द्यायला हवी. वाढलेला दर गुपचूप मुदतीत मुरू देऊ नका.

फ्लोटिंग गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर व्यक्तीकडून दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. त्याचा उपयोग करा. वरच्या ४० लाखांच्या कर्जात दरवर्षी फक्त एक हप्ता जादा भरला, तर कर्ज तीन वर्षांहून जास्त लवकर संपतं आणि सुमारे आठ लाख रुपये वाचतात. भिशी लागली, बोनस आला, आखातातून भावाने पैसे पाठवले की नवा सोफा घेण्याआधी मुद्दल उतरवा. मुद्दल उतरवलंत की हप्ता कमी करून देऊ, असं सांगतील. मुदत कमी करून मागा.

मौलाना साहेबांनाही माझी अर्जी आहे. फतवा जो द्यायचा तो द्या, पण तरुणाला आधी विचारा, ‘बेटा, एकूण किती भरणार आहेस?’ आकडा त्याच्या हाताने लिहून घ्या, घरच्यांची साक्ष ठेवा. अर्धे लोक तिथेच मुदत कमी करतील, काहीजण लहान घर बघतील, काही थोडं थांबतील. हराम-हलालचा निर्णय आखिरतमध्ये व्हायचा तेव्हा होईल. ८३ लाखांचा हिशेब याच दुनियेत, याच पगारातून चुकता करायचा आहे.