फर्मेंटरपाशी थांबा
अभियांत्रिकीच्या मुलांना जैवतंत्रज्ञानाचा कारखाना दाखवायला नेतात, तेव्हा बराच वेळ सभागृहातल्या स्लाइड्समध्ये जातो, याचं मला वाईट वाटतं. त्यांना थेट फर्मेंटरपाशी, म्हणजे सूक्ष्मजीव वाढवायच्या टाकीपाशी न्या. उदाहरणार्थ, पिंपरीत १९५४ साली हिंदुस्तान अँटिबायोटिक्स ही कंपनी उभी राहिली ती पेनिसिलिनसाठी. ते बनवणाऱ्या बुरशीला सतत ऑक्सिजन हवा, आणि पाण्यात तो लिटरमागे जेमतेम ८ मिलिग्रॅम विरघळतो. म्हणून खालून हवा सोडायची, पाती फिरवायची, शिवाय तयार होणारी उष्णता काढत राहायची. टाकीची उंची-रुंदी दुप्पट केली की आकारमान आठपट होतं, थंड होणारा पृष्ठभाग मात्र चौपटच. प्रयोगशाळेतल्या छोट्या फ्लास्कमध्ये ही अडचण दिसतच नाही. मेकॅनिकलच्या मुलांनी तर ऑपरेटरला जरूर विचारावं, उन्हाळ्यात थंड पाणी कमी पडलं तर काय करता?