परीक्षा कानाची कीं किंमतीची?

सोन्याची सुरी झाली म्हणून ती कोणी उरांत मारून घेत नाहीं. पण सोन्याचा मुलामा दिलेलें वादनयंत्र खिशांत बाळगण्यास आमचे रसिक एका पायावर तयार असतात. २०१६ सालीं सोनी कंपनीनें सुमारें ३,२०० डॉलर किंमतीचा एक वॉकमन बाजारांत आणला. त्याची पेटी तांब्याची व तीवर सोन्याचा मुलामा! अशा प्लेअरांच्या परीक्षकांचा आतां एक संप्रदायच झाला आहे. कोणास त्यांतून मखमली खर्ज ऐकूं येतो, तर कोणास तार सप्तकांत चांदणें दिसतें. हें परीक्षण नव्हे, स्तुतिपाठ होय. ज्या परीक्षेंत परीक्षकास यंत्राचें नांव व किंमत आधींच ठाऊक असते, ती परीक्षाच नव्हे, असें आमचें स्पष्ट म्हणणें आहे.

मूळ गोष्ट साधी आहे. सीडीवर ध्वनीचे दर सेकंदास ४४,१०० नमुने असतात आणि त्यांतून सुमारें २२,००० कंपनांपर्यंतचा नाद परत उभा करतां येतो. तरुण व निरोगी कानाची धाव २०,००० कंपनांपर्यंत. वय वाढेल तसतशी ती खालीं येते. असें असतां १,९२,००० नमुन्यांचा डौल कोणासाठीं? वटवाघळांसाठीं?

२००७ सालीं मेयर व मोरान या दोघां अमेरिकन संशोधकांनीं आपल्या प्रयोगाचा वृत्तांत प्रसिद्ध केला. उच्च प्रतीचें ध्वनिमुद्रण एकदां जसेंच्या तसें व एकदां सीडीच्या मापांत उतरवून, कोणतें कोणतें हें न सांगतां त्यांनीं श्रोत्यांस ऐकविलें. ५५४ वेळां विचारलें; उत्तर बरोबर आलें २७६ वेळां. नाणें उडविलें असतें तरी याहून निराळें काय झालें असतें? प्रतिपक्ष जोशुआ रीस यांच्या २०१६ च्या निबंधाकडे बोट दाखवील. त्यांनीं अशा १८ प्रयोगांचा एकत्र हिशेब करून फरक ओळखतां येतो असें दाखविलें, हें खरें. पण किती? सरासरीनें शंभरांत बावन्न वेळां! सरावलेल्या श्रोत्यांस याहून बरें साधलें, हेंही आम्हांस मान्य आहे. परंतु जो फरक ओळखण्यास कान इतका ताणावा लागतो, त्याचें वर्णन ‘डोळ्यांपुढला पडदाच दूर झाला’ असें करणें हा वाचकांशीं प्रामाणिकपणा आहे काय?

हें झालें मुद्रणाच्या मापाविषयीं. यंत्रायंत्रांतील फरकासही हाच न्याय लावून पाहावा. माझ्या एका स्नेह्यांनीं दोन महिन्यांचा पगार घालून असाच एक प्लेअर घेतला व ‘आतां फोनवरचें गाणें ऐकवत नाहीं’ असें ते म्हणूं लागले. एका रविवारीं आम्हीं दोन्ही यंत्रांचा आवाज मापून सारखा केला. कारण जें किंचित् मोठें वाजतें तेंच कानास सरस वाटतें. मग यंत्रें पंचाखालीं झांकून त्यांच्या कन्येनें हेडफोनची तार मनास येईल तशी या किंवा त्या यंत्रास जोडली. वीस वेळांत त्यांचें उत्तर नऊ वेळां बरोबर आलें. ते बराच वेळ बोलले नाहींत, नंतर म्हणाले, “म्हणजे इतके दिवस मी किंमतच ऐकत होतों!”

प्लेअरांत गुणच नाहींत असें आम्ही म्हणत नाहीं. ३०० ओहम रोधाचा हेडफोन पुष्कळ फोनांस पेलत नाहीं. तेथें बळकट यंत्र हवेंच. ऐन आलापांत फोनची घंटी वाजत नाहीं, हाही लहान गुण नव्हे. पण हे गुण सरळ शब्दांत सांगतां येतात. त्यांस सोनें लागत नाहीं.

अब्दुल करीम खाँसाहेबांच्या जुन्या तबकड्या एका बाजूस तीन-साडेतीन मिनिटांच्या, खरखरणाऱ्या. त्या खरखरींतून सूर वेंचून घेणारा कान आमच्या घरोघरीं होता आणि त्या कानावर ऐकणाराचा विश्वास होता. आजचा परीक्षक तोच विश्वास हिरावून घेतो व त्याच्या जागीं दरपत्रक ठेवतो, ही आमची खरी तक्रार आहे. परीक्षकांनीं यापुढें आधीं डोळे झांकावे व मग लेखणी उचलावी. तोंपर्यंत वाचकांनीं आपली पैशाची पिशवी झांकून ठेवावी.