प्रपंची चित्रकार

चित्रकारांच्या चरित्रांची आपल्याकडे फार आवड आहे, आणि ती असावीही. पण कोणाची चरित्रे आपण आवडीने वाचतो आणि मुलांना सांगतो, हे जरा तपासून पाहण्याजोगे आहे. युरोपातल्या गेल्या शतकाच्या आधीच्या शतकातले, म्हणजे एकोणिसाव्या शतकातले चित्रकार म्हटले की आपल्यापुढे पहिला उभा राहतो तो व्हॅन गॉग. त्याने कानावर वस्तरा चालवला, हे ज्याने त्याचे एकही चित्र पाहिलेले नाही त्यालाही ठाऊक असते. त्याच्यामागून येतो गोगँ : बायको आणि पाच मुले मागे ठेवून १८९१ साली ताहिती बेटावर गेलेला. मग तुलूझ-लोत्रेक, दारूने पोखरलेला, छत्तिसाव्या वर्षी संपलेला. आयर्विंग स्टोनची कादंबरी १९३४ साली आली, तिच्यावरचा चित्रपट १९५६ साली निघाला, आणि कलावंत म्हणजे जळून जाणारा माणूस ही समजूत घरोघर पक्की झाली.

ह्या समजुतीचे दोन परिणाम मी जुन्या मराठी घरांतून पुष्कळ वर्षे पाहत आलो आहे. मुलाने चित्रकलेचे नाव काढले की वडीलधाऱ्यांना वाटते, ह्याला भिकेचे डोहाळे लागले. आणि मुलाला वाटते, आपण घरादाराशी फटकून वागलो, वेळीअवेळी जागलो, की अर्धे चित्रकार झालोच. दोघेही चुकतात, आणि दोघांनाही चुकवणारी गोष्ट एकच असते. म्हणून मला आज ह्या मंडळींच्या शेजारीच राहिलेल्या एका माणसाची आठवण करून द्यायची आहे. त्याचे नाव कामीय पिसारो.

पिसारोचा जन्म १८३० सालचा, वेस्ट इंडीजमधल्या सेंट थॉमस बेटावरचा. बेट त्या वेळी डेन्मार्कच्या ताब्यात होते. घर यहुदी व्यापाऱ्याचे. बारा वर्षांचा असताना त्याला शिक्षणासाठी पॅरिसजवळ पाठवले, आणि पुढे परत बोलावून दुकानाच्या हिशेबाला आणि बंदरातल्या मालाच्या नोंदीला बसवले. हा मुलगा बंदरात उभा राहून चित्रे काढी. फ्रिट्झ मेलबी नावाच्या डॅनिश चित्रकाराबरोबर १८५२ साली तो व्हेनेझुएलाला गेला, आणि १८५५ साली पॅरिसला येऊन पोचला. बंडखोरी म्हणायची तर एवढीच.

पॅरिसमध्ये त्या काळी चित्रकाराचे नशीब 'सालों' ह्या सरकारी प्रदर्शनाच्या हाती असे. तिथल्या परीक्षकांनी चित्र घेतले तर गिऱ्हाईक, नाकारले तर अंधार. पिसारोचे चित्र त्यांनी १८५९ साली घेतले, पुढे कधी घेतले, कधी परत केले. १८७० नंतर त्याने तिकडची वाट सोडली. त्याच सुमारास प्रशियाशी युद्ध पेटले, आणि तो लुव्हसिएनचे घर टाकून कुटुंबासह लंडनला गेला. परत येऊन पाहतो तो घरात प्रशियन शिपायांनी तळ ठोकलेला होता, आणि बागेतल्या चिखलावरून चालताना पाय भरू नयेत म्हणून त्याची चित्रे पायांखाली अंथरली गेली होती. सुमारे पंधराशे चित्रांपैकी हाती लागली ती चाळीसच्या आसपास. वीस वर्षांची मेहनत अशी गेल्यावर एखाद्याने डोके भिंतीवर आपटले असते. पिसारो पुन्हा रंग कालवू लागला.

१८७४ साली मोने, देगा, रेन्वार इत्यादींनी आपले स्वतंत्र प्रदर्शन भरवले, तेच पुढे इम्प्रेशनिस्टांचे पहिले प्रदर्शन म्हणून प्रसिद्ध झाले. ते १५ एप्रिलला उघडले. त्याच्या अवघे नऊ दिवस आधी पिसारोची लाडकी मुलगी मिनेत, नववे वर्ष पुरे होण्याआधीच, वारली होती. तरी त्याची चित्रे तिथे लागली. १८८६ पर्यंत अशी आठ प्रदर्शने झाली. त्यांत भांडणे झाली, रुसवेफुगवे झाले, मोने गळला, रेन्वार गळला. आठही प्रदर्शनांत ज्याची चित्रे होती असा माणूस एकच, पिसारो.

त्याचा दुसरा गुण तर मला ह्याहून मोठा वाटतो. तो शिकवू शके, आणि शिकू शके. माणूसघाणा, चिडखोर सेझान पोंत्वाझला त्याच्या शेजारी येऊन राहिला, त्याच्याबरोबर शेतात चित्रफलक मांडून बसला, त्याचे एक चित्र त्याने नकलून काढले. १९०६ साली, स्वतः थोर झाल्यावर, एका प्रदर्शनाच्या यादीत सेझानने आपल्या नावापुढे 'पिसारोचा शिष्य' असे लिहवून घेतले. गोगँ शेअरबाजारात नोकरीला असताना सुटीच्या दिवशी ज्याच्याकडे धडे घ्यायला येई, तोही हाच. आजारी व्हॅन गॉगला ओव्हेरच्या डॉक्टर गाशेकडे पाठवावे, ही सूचनाही त्याचीच. आणि पंचावन्न वर्षांचे वय असताना, ऐन पंचविशीतल्या स्यूरा आणि सिन्याक ह्यांची ठिपक्यांची नवी पद्धत त्याला पटली, तेव्हा ह्या दाढीवाल्या बुजुर्गाने आपली हातची पद्धत सोडून त्यांची धरली. दलाल नाराज झाले, विक्री खाली आली. चारेक वर्षांनी, ही पद्धत आपल्या हाताला फार संथ पडते असे दिसल्यावर, ती त्याने तितक्याच सरळपणे सोडून दिली.

आता कोणी म्हणेल, ही सगळी सद्वर्तनाची प्रशस्ती झाली; चित्रांचे काय? सेझानच्या वा व्हॅन गॉगच्या उंचीला पिसारो पोचला का? नाही पोचला, असे म्हणणाऱ्याशी मी वाद घालणार नाही. पण त्याच्या उतारवयातली चित्रे अवश्य पाहावीत. उजव्या डोळ्याच्या सततच्या विकाराने त्याला उघड्या हवेत बसणे अशक्य झाले. मग त्याने हॉटेलांतल्या खोल्या भाड्याने घेतल्या आणि बंद खिडकीतून खालचे शहर रंगवले. १८९७ साली मोंमार्त्र बुलव्हारची त्याने एकाच खिडकीतून चौदा चित्रे काढली : सकाळ, धुके, पाऊस, मिरवणूक, आणि एकात दिव्यांनी पाझरणारी ओली रात्र. ती रात्र आज लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे. अडचणीची वाट कशी करावी, हे त्या चित्रांत दिसते.

दुसरा आक्षेप मात्र खरा आहे, आणि तो टाळता येणार नाही. ह्या संसारी माणसाचा संसार केला कोणी? ज्युली व्हेले हिने. ती बर्गंडीतल्या द्राक्षमळेवाल्याची मुलगी, पिसारोच्या आईकडे घरकामाला असलेली. सासूने तिला मनापासून कधी स्वीकारले नाही. लग्न लागले ते १८७१ साली, लंडनजवळ क्रॉयडनला, तोवर मुले झालेली होती. तिला आठ अपत्ये झाली. एक तान्हेपणीच गेले, मग मिनेत गेली, पुढे १८९७ साली तेविशीतला फेलिक्स क्षयाने गेला. १८८२ साली फ्रान्समधली एक मोठी पेढी बुडाली, तेव्हा पिसारोचा दलाल दुरां-र्युएल अडचणीत आला आणि घरातला पैसा आटला. ज्युलीने भाजीपाला लावला, कोंबड्या आणि ससे पाळले, आणि नवऱ्याला वेळोवेळी स्पष्ट सुनावलेही. एरान्यीचे भाड्याचे घर विकले जाण्याची वेळ आली १८९२ साली. पिसारो लंडनला थोरल्या मुलाकडे होता. ज्युली स्वतः मोनेकडे गेली आणि पंधरा हजार फ्रँक उसने घेऊन आली. घर राहिले. त्याच वर्षी दुरां-र्युएलने भरवलेल्या मोठ्या प्रदर्शनाने पिसारोला एकसष्टाव्या वर्षी पहिल्यांदा पुरते यश दिले होते. पण डोक्यावरचे छप्पर टिकले ते ज्युलीच्या धिटाईने.

म्हणून मी पिसारोला आदर्श गृहस्थ म्हणत नाही. त्याच्या हट्टाची किंमत दुसऱ्यांनीही मोजली. माझे म्हणणे इतकेच, की तो मोजणाऱ्यांना सोडून पळाला नाही. पाचही मुलगे चित्रकार झाले. आईचा विरोध असताना बापाने त्यांच्या हाती कुंचला दिला. थोरल्या ल्युसियँला त्याने इंग्लंडात वर्षानुवर्षे पत्रे लिहिली, ती १९४३ साली पुस्तकरूपाने निघाली. त्यांत रंगांची चर्चा आहे, तशी उधारीचीही आहे. ड्रेफस प्रकरणात फ्रान्स यहुद्यांच्या द्वेषाने फुटला, तेव्हा देगा आणि रेन्वार ह्या जुन्या सोबत्यांनी ह्या यहुदी मित्राकडे पाठ फिरवली. देगाची चित्रे थोर आहेत, हे मत पिसारोने त्यापायी बदलले नाही. १९०३ साली तो पॅरिसमध्ये वारला.

संसारात राहून परमार्थ साधणाऱ्या एकनाथांना आपल्या लोकांनी रानात गेलेल्या कोणा विरक्तापेक्षा कमी मानले नाही. धर्माच्या बाबतीत आपल्याला जे सहज कळते, ते कलेच्या बाबतीत का कळू नये? बडोद्याच्या संग्रहालयाचे चित्रदालन १९२१ साली खुले झाले. सयाजीराव महाराजांनी युरोपातून चित्रे आणवली ती प्रजेने निवांत उभे राहून पाहावीत म्हणून. चित्रकाराच्या जखमा मोजण्यासाठी ती आणली नव्हती.

व्हॅन गॉगची गोष्ट मुलांना जरूर सांगावी. ती खरी आहे आणि दुःखाची आहे. पण त्याच बैठकीत पिसारोची आणि ज्युलीचीही सांगावी. मग मुलाने रंगांची पेटी मागितली तर वडिलांना धसका बसणार नाही. आणि मुलालाही कळेल, की ह्या धंद्यात रोज सकाळी उठून कामाला बसावे लागते, आणि घरी कोणीतरी आपल्यासाठी कोंबड्या राखत असते.